फळ्याशेजारचा पडदा

प्रश्न : शाळांमधून पुस्तके लवकरच हद्दपार होतील आणि त्यांची जागा चित्रपट घेतील, असे थॉमस एडिसन १९१३ मध्ये म्हणाले होते. त्या काळी शिक्षणासाठी चित्रपट खरोखरच वापरात होते का, आणि हे भाकीत फसले कशामुळे?

उत्तर : वापर त्याआधीच सुरू झाला होता. फ्रान्समधील एका शल्यविशारदाने १८९८ मध्येच आपल्या शस्त्रक्रिया चित्रित करून घेतल्या होत्या. १९०३ मध्ये चित्रपट-निर्माते चार्ल्स अर्बन यांनी लंडनच्या अलहांब्रा नाट्यगृहात सूक्ष्मदर्शकातून टिपलेली जीवसृष्टी दाखवली, तेव्हा एरवी धुळीच्या कणांसारखे भासणारे चीजमधले किडे प्रेक्षकांनी पडद्यावर पाय हलवत चालताना पाहिले. १९१० मध्ये निसर्गावर चित्रपट काढणारे पर्सी स्मिथ यांनी कळ्यांचे उमलणे चित्रित केले. दर दहा मिनिटांनी एक चौकट (फिल्मवरचे एक चित्र) टिपली, तर दिवसाच्या १४४ चौकटी होतात आणि मूकपटाच्या सेकंदाला १६ चौकटी या वेगाने दाखवल्यावर अख्खा दिवस ९ सेकंदांत सरतो. माझ्या मते चित्रपटाचे खरे सामर्थ्य इथे आहे, कारण डोळ्याला न दिसणारे सूक्ष्म आणि न जाणवणारे संथ असे दोन्ही तो समोर आणतो, जे कितीही चांगल्या शिक्षकाला शब्दांत पकडता येत नाही.

अडचण निघाली ती फिल्ममध्येच. ३५ मिलिमीटरची नायट्रेट फिल्म एकदा पेटली की पाण्याखालीही जळत राहते, कारण तिला लागणारा प्राणवायू तिच्यातूनच सुटतो. अशी फिल्म चालवायची तर अग्निरोधक खोली हवी, आणि ती वर्गात कुठून आणायची? शिवाय शैक्षणिक म्हणून मिळणारे बरेचसे चित्रपट नाट्यगृहांसाठी काढलेले असत. अभ्यासक्रमाशी त्यांचा मेळ बसत नसे.

१९२३ मध्ये कोडक कंपनीने सहजी पेट न घेणारी १६ मिलिमीटरची फिल्म आणली आणि प्रक्षेपक वर्गातल्या टेबलावर ठेवता येऊ लागला. ४०० फुटांचे मूकपटाचे रीळ साधारण पंधरा मिनिटे चालते, म्हणजे तासाचा बराच वेळ शिक्षकांच्या हाती उरतो. याच कंपनीने पुढे भूगोल आणि सामान्य विज्ञान या विषयांत चित्रपटांसह आणि चित्रपटांविना शिकणाऱ्या वर्गांची तुलना करवली. तीत चित्रपट पाहिलेले वर्ग सरस ठरले. मात्र त्या वर्गांतही शिकवणारे शिक्षकच होते.