६ फुटी जाळीचं कंपाउंड मारलं तर बिबट्यापासून शेळ्या वाचतील का?

तुम्ही लिहिलंय की जुन्नरकडे शेत आहे, तिन्ही बाजूंनी ऊस, वीसेक शेळ्या आणि सगळ्या रानाला ६ फुटी जाळी मारायचा विचार आहे. मी शिरूरचा, आमच्याकडेही उसातला बिबट्या रोजचाच, म्हणून कळकळीने सांगतो, पैसे मोजके असतील तर कंपाउंडवर घालवू नका, आधी रात्रीचा गोठा वरून बंद करा. बिबट्या १० फुटांच्या आसपास उडी मारतो, झाडावर चढतो, त्याला ६ फूट काहीच नाही. कंपाउंड उपयोगाचं आहे ते कुत्री, कोल्हे, लांडग्यांसाठी, आणि ते उकरून आत येतात म्हणून जाळी फूटभर जमिनीत पुरायची, नाहीतर बाहेरच्या बाजूला दीड-दोन फूट जमिनीवर पसरून दगड ठेवायचे.

गोठ्याला जाळी २ बाय २ इंचाची आणि १० गेजची घ्या, दुकानदार १२ किंवा १४ गेज स्वस्तात देतो पण गेजचा आकडा वाढला की तार बारीक होते हे लक्षात ठेवा. मोठ्या भोकांच्या जाळीतून बिबट्याचा पंजा आत येतो आणि करडांची डोकीही अडकतात ते वेगळंच. माणसं भिंत पक्की बांधतात, दार लोखंडी करतात आणि भिंत न् पत्रा यांच्यामधली हातभर फट हवेसाठी तशीच सोडतात, बिबट्या नेमका तिथून उतरतो. ती फट विटांनी बुजवू नका हं, कोंदट गोठ्यात मुताच्या वासाने शेळ्या खोकायला लागतात, तिथे जाळीच वेल्डिंग करून घ्या. पत्रे हुकबोल्टने आवळलेले पाहिजेत, नुसते दगड ठेवलेले नकोत. दाराला वर आणि खाली अशा दोन कड्या, आणि दाराखाली फट नको. गोठ्यावर झुकलेली फांदी असेल तर ती आजच तोडा.

वरून बंद पाहिजे याचं अजून एक कारण आहे. बंद जागेत बिबट्या शिरला की शेळ्यांना पळायला वाट नसते, त्या सैरावैरा धावतात आणि तो एका शेळीवर थांबत नाही, एका रात्रीत अख्खा कळप जाऊ शकतो.

नगर जिल्ह्यातल्या अकोले तालुक्यात वन्यजीव अभ्यासक विद्या अत्रेय आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी बिबट्यांच्या विष्ठेवरून त्यांचं खाणं तपासलं होतं, २०१६ साली ते छापून आलं. त्यात सगळ्यात जास्त कुत्री निघाली, वजनाच्या हिशोबाने ३९ टक्के, आणि शेळ्या फक्त ११ टक्के, जरी तिथे कुत्र्यांपेक्षा शेळ्या कितीतरी जास्त होत्या. कुत्री मोकळी फिरतात, शेळ्या रात्री कोंडलेल्या आणि दिवसा माणसासोबत असतात, म्हणजे कोंडण्याने खरंच फरक पडतो.

आणि कुंपणात घरची लाईट कधीही सोडू नका, माणूस मरतो, गुन्हा दाखल होतो. झटकाच द्यायचा तर सोलरचं झटका मशीन घ्या, त्यात करंट क्षणभरच येतो.

एवढं करूनही शेळी गेलीच तर ती जागेवरून हलवू नका, फोटो काढा आणि लगेच वनविभागाला कळवा, हेल्पलाइन १९२६ आहे. पंचनामा झाल्याशिवाय भरपाई मिळत नाही.

गोठ्याची लांबी-रुंदी आणि आत्ता भिंत किती उंच आहे तेवढं सांगा, जाळी न् अँगल किती लागेल त्याचा अंदाज काढून देतो.