बक्षीसपत्रानंतरही चित्रकाराचे हक्क उरतात

प्रश्न : माझे वडील 81 वर्षांचे चित्रकार. आता हात थरथरतो. ‘शेवटपर्यंत सांभाळीन’ म्हणत भावाने दोन वर्षांपूर्वी सगळ्या चित्रांचं बक्षीसपत्र करून घेतलं. आज औषधालाही पैसे देत नाही. उलट अर्धवट राहिलेले कॅनव्हास दुसऱ्याकडून पुरे करून बाबांच्या नावावर विकतो. बाबा म्हणतात, ‘सही केली, आता काय उरलं?’

उत्तर : बरंच उरलं आहे. हे त्यांना वाचून दाखवा.

आधी दस्त बघा. चित्रं ही जंगम, म्हणजे हलवता येणारी, मालमत्ता. तिचं बक्षीस नोंदणीकृत दस्ताने होतं किंवा वस्तू प्रत्यक्ष ताब्यात देऊन. दस्त नोंदवलेला नसेल आणि काही चित्रं अजून वडिलांच्याच ताब्यात असतील, तर तेवढ्यांचं बक्षीस पूर्णच झालेलं नाही.

ते पूर्ण झालं असेल, तर ज्येष्ठ नागरिकांसाठीच्या 2007 च्या कायद्याचं कलम 23 आहे. सांभाळण्याच्या अटीवर दिलेली मालमत्ता, सांभाळ केला नाही तर, परत मिळवता येते. हे फक्त घर-जमिनीला लागू, असा अनेकांचा समज असतो. तो चुकीचा आहे. मात्र अट दाखवावी लागते. जानेवारी 2025 मध्ये ऊर्मिला दीक्षित खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने वेगळ्या वचनपत्रातली हमी ग्राह्य धरून आईने मुलाला दिलेलं बक्षीस रद्द केलं. म्हणून भावाची पत्रं, मेसेज, काहीही पुसू नका. अर्ज वडिलांच्या नावाने प्रांत कार्यालयात करा; निर्वाहभत्ताही तिथेच मागता येतो.

मला सर्वांत अस्वस्थ केलं ते त्या अर्धवट कॅनव्हासांनी. कॅनव्हास दिला म्हणजे कॉपीराइट दिला असं होत नाही. त्याला वेगळं लेखी हस्तांतरण लागतं. आणि तेही झालं असलं, तरी 1957 च्या कॉपीराइट कायद्याचं कलम 57 कलाकाराचं नाव आणि प्रतिष्ठा त्याच्याकडेच ठेवतं. शिल्पकार अमरनाथ सहगल यांचं दिल्लीच्या विज्ञान भवनातलं भित्तिशिल्प सरकारच्या मालकीचं होतं. तरी त्याची मोडतोड झाल्याबद्दल दिल्ली उच्च न्यायालयाने 2005 मध्ये त्यांना 5 लाख रुपये भरपाई आणि शिल्पाचे अवशेष परत देवविले.

तुमच्या भावाला आधी नोटीस द्या. तो थांबला नाही, तर जिल्हा न्यायालयात मनाई हुकूम मागा. पण त्याआधी, याच आठवड्यात, वडील पूर्ण भानावर असल्याचा डॉक्टरांचा दाखला घ्या. हाताशी असलेल्या किंवा फोटोतल्या एकेका चित्रासमोर त्यांना बसवा, आणि ‘इथपर्यंत माझं, पुढचं माझं नाही’ हे त्यांच्याच तोंडून चित्रित करून ठेवा.