वाचक विचारतात : शांतिसैनिक निवडणुकीत नेमकं काय करतात?

प्रश्न : युद्ध संपलेल्या देशांत संयुक्त राष्ट्रांचे शांतिसैनिक निवडणुकीला मदत करतात, असं नेहमी वाचनात येतं. म्हणजे ते करतात तरी काय? परदेशी बंदुकांच्या पहाऱ्यात झालेली निवडणूक त्या देशाची कशी म्हणायची? आणि राष्ट्राध्यक्ष निवडून झाल्यावर स्थानिक परिषदांसाठी एवढा खटाटोप कशाला?
— एक वाचक

उत्तर : तुमचा शेवटचा प्रश्न मी आधी घेतो, मला तोच सगळ्यांत मोलाचा वाटतो. २००४ साली मी पश्चिम आफ्रिकेतल्या सिएरा लिओनमध्ये संयुक्त राष्ट्रांचा स्वयंसेवक होतो, निवडणूक साहित्याची वाहतूक बघायचो. म्हणून त्याच देशाबद्दल सांगतो.

तिथलं यादवी युद्ध १९९१ ते २००२ चाललं. पुढे सत्य आणि सलोखा आयोगाने त्याची कारणं शोधली, तेव्हा बोट ठेवलं ते कारभारावर. सगळी सत्ता राजधानी फ्रीटाउनमध्ये गोळा झालेली, स्थानिक परिषदा १९७२ सालीच बरखास्त. खेड्यापाड्यांत उरले १४९ पॅरामाउंट चीफ, म्हणजे पारंपरिक प्रमुख, एकदा गादीवर बसले की तहहयात. चीफने मनमानी दंड ठोकला, फुकट राबवून घेतलं, तर तरुणाने दाद मागायची कुणाकडे? अशी कितीतरी पोरं गाव सोडून गेली आणि बंडखोरांच्या हाती लागली. म्हणूनच २२ मे २००४ रोजी, तब्बल ३२ वर्षांनी, १९ स्थानिक परिषदांसाठी मतदान झालं, त्याचं मोल मी २००२च्या राष्ट्राध्यक्षपदाच्या निवडणुकीहून तसूभरही कमी मानत नाही. नव्या कायद्याने प्रत्येक प्रभागात समिती आली आणि तिच्या दहा निवडून द्यायच्या सदस्यांत किमान पाच स्त्रिया हव्यात, असंही ठरलं.

आता सैनिकांबद्दल. निवडणूक घेतली तिथल्या राष्ट्रीय निवडणूक आयोगाने. मतदारयादी, उमेदवारी अर्ज, मतमोजणी, निकाल, सगळं त्यांचं. आयोगाकडे जे नव्हतं ते आमच्या मिशनने पुरवलं : ट्रक, हेलिकॉप्टर, वायरलेस. मे महिन्यात तिथे पाऊस सुरू होतो आणि पूर्वेकडचे, कोनो-कैलाहुनचे लाल मातीचे रस्ते चिखलात बुडतात. मतपेटी पोचली पण शाई मागे राहिली, तर काही उपयोग नाही. एकेक खोकं मोजून चढवायचं आणि उतरवतानाही मोजायचं. कोनोमध्ये पाकिस्तानी पलटण होती. मी भारतीय, ते पाकिस्तानी, पण गाडी रुतली की हाका आपल्याच बोलीत, आणि खांदा लावायला सगळे एकत्र.

मतदान केंद्राचा बंदोबस्त तिथल्या पोलिसांकडे. परदेशी सैनिक लांब, तळावर किंवा गस्तीवर. प्रकरण पोलिसांच्या हाताबाहेर गेलं तर पोचता येईल इतक्या अंतरावर. हे अंतर मला फार महत्त्वाचं वाटतं. १९९६ साली लोकांनी मत देऊ नये म्हणून बंडखोरांनी सामान्य माणसांचे हात तोडले होते. जिथे हे घडलं, तिथे बंदूक कुणाचीही असो, ती मतपेटीपाशी दिसता कामा नये. खरं तर सैनिकांचं सगळ्यांत मोठं काम आधीच झालं होतं. त्यांची संख्या एकेकाळी १७,५०० पर्यंत गेली होती आणि ७० हजारांहून अधिक लढवय्यांनी हत्यारं खाली ठेवली होती. ते झालं नसतं तर आमचे ट्रक कुठेच पोचले नसते.

मात्र चीफने गावाला बोलावून ‘मत अमक्यालाच’ असं बजावलं, तर त्यावर कुठल्याही पलटणीकडे इलाज नाही. असा दबाव तिथे होता आणि मला तो आजही सलतो.

निकालात सत्ताधारी एसएलपीपी (सिएरा लिओन पीपल्स पार्टी) पक्षाने बहुतेक परिषदा जिंकल्या, पण फ्रीटाउन आणि मकेनी ही शहरं विरोधी एपीसी (ऑल पीपल्स काँग्रेस) पक्षाकडे गेली. २००२ साली राष्ट्राध्यक्षपद हरलेल्या पक्षाला कारभार करायला राजधानीचं शहर मिळालं, ही साधी गोष्ट नाही. हाच पक्ष २००७ मध्ये मतपेटीतूनच देशाच्या सत्तेवर आला.

राहिला प्रश्न निवडणूक कुणाची, हा. शांतिसेना डिसेंबर २००५ मध्ये तिथून निघाली. २००७ची राष्ट्रीय निवडणूक आणि ५ जुलै २००८ची स्थानिक निवडणूक, दोन्ही तिथल्या आयोगाने घेतल्या, तेव्हा ही शांतिसेना देशात नव्हती.