मधल्या तेरा वर्षांचं काय?

प्रिय मित्रा,

जॅक लेस्ली या कृष्णवर्णीय इंग्लिश फुटबॉलपटूवरचा तुझा लेख वाचला. भाषा नेटकी आहे आणि माहिती जमवताना आळस केलेला दिसत नाही. तरीही तो आहे तसा मी छापायला देणार नाही. लेख १९२५ च्या इंग्लंड संघनिवडीने उघडतो, जिथे त्याचं नाव आलं आणि गेलं, आणि त्याच्या पुतळ्यापाशी संपतो. मधले प्लिमथ आर्गाइल या क्लबाकडून खेळलेले चारशेच्या आसपास सामने आणि १३७ गोल तू एका वाक्यात उरकलेस. वाचक हळहळेल, पण हा माणूस कुठे खेळत होता, कुणाच्या जोडीने, कसल्या अटींवर, हे त्याला कळणार नाही. तेरा वर्षं एका क्लबात काढलेल्या खेळाडूला तू त्याने न खेळलेल्या एका सामन्यापुरतं ठेवलंस.

कॅनिंग टाउनपासून सुरू कर. पूर्व लंडनची गोदी-कारखान्यांची वस्ती, १९०१ चा जन्म, वडील जमैकाचे, हाताला बॉयलरमेकरचं काम. बार्किंग टाउन या हौशी क्लबातून तो १९२१ मध्ये प्लिमथला आला. फुटबॉल लीगचा तिसरा विभाग सुरू होऊन तेव्हा एकच वर्ष झालं होतं. त्याच वर्षी उत्तरेकडच्या क्लबांचा वेगळा गट झाला आणि प्लिमथचा गट ‘थर्ड डिव्हिजन साउथ’ म्हणून ओळखला जाऊ लागला. नकाशा समोर घेऊन बस. प्लिमथ पार नैऋत्येच्या कोपऱ्यात. जवळचा म्हणावा असा प्रतिस्पर्धी एक्सेटर. बाकी सगळे लंडन, साउथएंड, जिलिंगहॅम, नॉर्विच असे पसरलेले. एकट्या लंडनलाच रेल्वेने सव्वादोनशे मैल. दर पंधरवड्याला हा प्रवास करणाऱ्या संघाची थकावट तुझ्या लेखात कुठेही जाणवत नाही.

आता गुणतक्ता काढ. खरी कहाणी तिथे आहे, आणि तू तो उघडलेला दिसत नाहीस. १९२१-२२ ते १९२६-२७, सलग सहा हंगाम प्लिमथ दुसरं आलं. सहाच्या सहा! दुसऱ्या विभागात बढती मिळायची ती फक्त पहिल्या क्रमांकाला, म्हणजे दुसरं येणं आणि दहावं येणं यात व्यवहारात काही फरक नव्हता. पहिल्या वर्षी तर साउथॅम्प्टन आणि प्लिमथ दोघांचेही ६१ गुण होते. निकाल लागला गोलसरासरीवर, म्हणजे केलेल्या गोलांना खाल्लेल्या गोलांनी भागून, आणि गेलं साउथॅम्प्टन. पुढे पहिले आले ते ब्रिस्टल सिटी, पोर्ट्‌समथ, मग स्वान्सी आणि रेडिंग, दोघेही एकेका गुणाने, आणि पुन्हा ब्रिस्टल सिटी. बढती मिळाली ती थेट १९३० मध्ये. सुरुवातीची वर्षं लेस्लीची संघातली जागा पक्की नव्हती, तेव्हा या सहाही हंगामांचं ओझं त्याच्या खांद्यावर टाकू नकोस. मात्र तो ‘खालच्या विभागात अडकून राहिला’ असं लिहिताना, त्या विभागातून वर जाणारी वाट किती अरुंद होती, हे आधी सांग.

जागा पक्की झाल्यावर तो इनसाइड लेफ्ट, म्हणजे आघाडीत मध्याच्या किंचित डावीकडे, होता, आणि त्याच्या डावीकडे, अगदी कडेला, सॅमी ब्लॅक. स्कॉटलंडहून आलेला हा ब्लॅक आजही क्लबचा सर्वाधिक गोल करणारा खेळाडू आहे. ही जोडी वर्षानुवर्षं एकत्र खेळली. लेस्लीवर लिहिताना ब्लॅकचं नावही न येणं हे सलामीच्या जोडीतल्या एकावरच लिहिण्यासारखं झालं. आणखी एक खबरदारी घे. १९२५ च्या उन्हाळ्यात ऑफसाइडचा नियम बदलला. आघाडीच्या खेळाडूपुढे तीन प्रतिस्पर्धी लागायचे, ते दोनवर आले. पहिल्या विभागात सामने तेवढेच, ४६२. पण गोल एका वर्षात ११९२ वरून १७०३ झाले. तेव्हा आधीच्या आणि नंतरच्या गोलांची सरळ बेरीज-वजाबाकी करून ‘त्याचा खेळ बहरला’ असं म्हणू नकोस. सगळ्यांचाच बहरला होता.

‘लेस्ली प्लिमथशी अखेरपर्यंत एकनिष्ठ राहिला’ हे तुझं वाक्य मी खोडलं आहे. करार एका हंगामाचा असे. पण तो संपल्यावरही खेळाडूची नोंदणी क्लब स्वतःकडे ठेवू शकत असे, आणि क्लबने सोडल्याशिवाय लीगमधल्या दुसऱ्या कुठल्या संघाकडून खेळता येत नसे. दाराची किल्ली मालकाकडे असताना आत राहिलेल्याची निष्ठा कशी मोजणार? शिवाय १९२२ पासून आठवड्याचा पगार हंगामात जास्तीत जास्त ८ पौंड आणि उन्हाळ्यात ६ पौंड, मग क्लब पहिल्या विभागातला असो की तिसऱ्या. तिसऱ्या विभागात बहुतेकांना एवढेही मिळत नसत, तरी ही रक्कम साध्या कामगाराच्या मजुरीहून बरीच जास्त होती. त्याला प्लिमथ आवडतही असेल. पण ‘असेल’ आणि ‘होतं’ यातलं अंतर लेखात दिसलं पाहिजे.

आता १९२५. हा भाग गाळायचा नाही, फक्त घाई न करता लिहायचा. म्हातारपणी, १९७८ मध्ये, दिलेल्या मुलाखतीत लेस्लीने सांगितलं की व्यवस्थापक बॉब जॅक यांनी त्याला कचेरीत बोलावून इंग्लंडसाठी निवड झाल्याची बातमी दिली. त्या ऑक्टोबरच्या वर्तमानपत्रांत त्याचं नाव राखीव खेळाडू म्हणून आलं, आणि नंतरच्या यादीत ते नव्हतं. दोन्ही गोष्टी शेजारी शेजारी मांड, एकीत दुसरी मिसळू नकोस. राखीव म्हणजे सामन्यात बदली उतरणारा नव्हे, हेही सांग. तेव्हा बदली खेळाडूची सोयच नव्हती.

यावर कुणी म्हणेल की तिसऱ्या विभागातल्या माणसाला इंग्लंड कशाला घेईल? उत्तर तयार ठेव. त्याच वर्षी फेब्रुवारीत ब्रायटनचा टॉमी कुक वेल्सविरुद्ध इंग्लंडकडून खेळला होता, आणि ब्रायटनही थर्ड डिव्हिजन साउथमध्येच होतं. प्लिमथचाच मोझेस रसेल वेल्सच्या संघात होता. म्हणजे विभाग आड आला नव्हता. निवड करत असे ती फुटबॉल असोसिएशनची (एफए, इंग्लंडमधल्या फुटबॉलची मुख्य संस्था) समिती. आपण काळे आहोत हे त्यांना कळलं म्हणून नाव गेलं, असं लेस्लीचं स्वतःचं म्हणणं होतं. ते त्याच्या तोंडी राहू दे, त्यात आपली विशेषणं घालू नकोस. आणि २४ ऑक्टोबरचा दिवस मात्र सोडू नकोस. इंग्लंड बेलफास्टमध्ये आयर्लंडशी ०-० बरोबरीत खेळत होतं, आणि इकडे प्लिमथने बोर्नमथला ७-२ हरवलं. त्यात लेस्लीचे दोन गोल होते. एवढंच लिही. इंग्लंडच्या पुरुष संघाकडून पहिला कृष्णवर्णीय खेळाडू, व्हिव्ह अँडरसन, खेळला तो १९७८ मध्ये.

क्रिकेटपटू पालवणकर बाळूंचा परिच्छेद काढून टाक. मराठी वाचकाला ते आठवतीलच. पण बाळूंचं प्रकरण मुंबईतल्या जातीचं आणि जिमखान्याचं आहे. ते इथे दोन ओळींत कोंबून दोघांवरही अन्याय होतो. त्यांच्यावर वेगळं लिही, मी आनंदाने वाचेन.

शेवटच्या भागात ‘ज्याने इंग्लंडकडून खेळायचं, तो इतरांचे बूट पुसत बसला’ असं आहे. हा सूर मला खटकला. खेळ थांबल्यावर लेस्ली पूर्व लंडनला परतला आणि पुन्हा बॉयलरमेकर झाला. तेव्हाच्या बहुतेक खेळाडूंचं हेच होत असे, अगदी गोऱ्यांचंही. वेस्ट हॅम या तिथल्या क्लबाच्या बूटरूमचं काम त्याने घेतलं ते पासष्टीच्या आसपास, कामातून मोकळा झाल्यावर. बॉबी मूर, जेफ हर्स्ट यांच्यासारख्या नामवंतांबरोबर बर्म्युडाच्या क्लाइड बेस्टचेही बूट त्याच्या हाताखालून जात. नातवंडांच्या वयाच्या पोरांत रमलेल्या म्हाताऱ्याला तू उगाच केविलवाणा केलास.

२०२२ चा पुतळा आणि २०२३ ची मानद कॅप (इंग्लंडकडून खेळणाऱ्याला मिळणारी टोपी) एका वाक्यात बसते. वाचलेली जागा १९२९-३० च्या हंगामाला दे, आणि जानेवारी १९३२ मध्ये एफए कपमध्ये प्लिमथने मँचेस्टर युनायटेडला ४-१ हरवलं त्याला दे. (युनायटेडही तेव्हा प्लिमथसारखंच दुसऱ्या विभागात होतं, हे लपवून विजय फुगवू नकोस.) त्यासाठी ‘वेस्टर्न मॉर्निंग न्यूज’ या वर्तमानपत्राची त्या काळातली वृत्तं वाच. इंग्लंडच्या निवडीची कात्रणं तुझ्याकडे आहेतच. आता साध्या शनिवारच्या सामन्यांची जमव. शब्दमर्यादा हजाराने वाढवून देतो. छायाचित्र एकच चालेल, पण त्यात ब्लॅकही असावा.

कळावे, लोभ असावा.

तुझा,
संपादककाका