आयझॅक ज्युलियनच्या फिल्ममध्ये धड गोष्ट का नसते?

ब्रिटिश दिग्दर्शक ज्युलियनची ‘लुकिंग फॉर लँग्स्टन’ अर्धी पाहून सोडलीत, नुसते सुटाबुटातले देखणे काळे पुरुष आणि कविता, यात कळायचं काय, असं विचारलंय तुम्ही. अहो, अख्खी फिल्मच पाऊण तासाची आहे.

गोष्ट सांगायला कोणीतरी ती आधी सांगू द्यावी लागते. लँग्स्टन ह्यूज हा हार्लेमचा, म्हणजे न्यूयॉर्कमधल्या काळ्यांच्या वस्तीचा, मोठा कवी, १९६७ मध्ये गेला. खासगी आयुष्याबद्दल त्यानं कधी तोंड उघडलं नाही आणि मागे राहिलेल्यांना समलिंगी हा विषयच नको होता. १९८९ मध्ये लंडनच्या ज्युलियननं ही फिल्म केली, तर कवितांच्या हक्कांवरून असं ताणलं गेलं की न्यूयॉर्कच्या महोत्सवात ह्यूजच्या कविता येतात तिथे आवाज बंद करावा लागला. आता यातून सरळ चरित्रपट कसा निघणार? म्हणून मग सुरुवातीलाच शवपेटी, भोवती शोक करणारी माणसं, आणि आत ह्यूज म्हणून खुद्द ज्युलियन पडलेला.

आमच्या पुण्यातल्या फिल्म क्लबात मी हट्टानं ही लावली होती. एक ज्येष्ठ सभासद आहेत, सगळे काका म्हणतात. रशियन दिग्दर्शक तारकोव्हस्कीच्या फिल्ममध्ये छतातून पाणी गळत असतं ते माना डोलावत बघणारा माणूस. ते मध्येच उठले. चहाच्या वेळी म्हणाले, “विषयाला माझी हरकत नाही हो, पण ही फिल्म नाही, फोटोंचा अल्बम आहे.” मी म्हटलं, काका, पाणी गळतं तेव्हा गोष्ट लागत नाही, दोन पुरुष नाचायला लागले की लगेच कशी लागते? त्यावर हशा झाला, आणि फिल्म निवडणाऱ्यांच्या पुढच्या यादीतून माझं नाव गळलं. कारण काय, तर प्रोजेक्टर मोकळा नाही!

शेवट तर त्यांनी पाहिलाच नाही. फिल्ममधला तो विसाच्या दशकातला नाइटक्लब, आणि त्यात अचानक ऐंशीच्या दशकातलं हाउस म्युझिक, म्हणजे नाचायचं इलेक्ट्रॉनिक संगीत, वाजू लागतं. बाहेरून पोलीस आणि टक्कल केलेले गुंड चालून येतात, दार फोडतात, आत कोणी नाही. आदल्याच वर्षी ब्रिटनमध्ये कलम २८ आलं होतं, पालिकांना समलैंगिकतेचा ‘प्रसार’ करायला बंदी. तेव्हाच्या प्रेक्षकाला हे उलगडून सांगावं लागलं नसणार.

आता हेही खरं, की काही ठिकाणी देखणेपणाचा अतिरेक होतो. आणि ह्यूज समलिंगी होता का, यावर त्याच्या चरित्रकारांचंही एकमत नाही. ज्युलियनची अलीकडची कामं पाच-पाच, दहा-दहा पडद्यांवर कलादालनात चालतात, ती मोबाइलवर बघून नावं ठेवू नका.

गोष्टच हवी असेल तर १९९१ ची ‘यंग सोल रेबेल्स’ बघा. १९७७ चं लंडन, राणीच्या ज्युबिलीची धामधूम, चोरटं रेडिओ स्टेशन चालवणारे दोन काळे मित्र, एक समलिंगी, एक नाही. बागेत खून होतो, पोलीस मागे लागतात. काकांसाठी पुढची हीच ठरवली होती.