ट्रकच्या धडकेत भाऊ गेला. घरच्यांना भरपाई किती आणि कुठून मिळते?

आधी एक गैरसमज काढा. फौजदारी खटल्याचा निकाल लागेपर्यंत थांबावं लागत नाही. भरपाईचा दावा वेगळा असतो, तो मोटार अपघात दावा न्यायाधिकरणात दाखल होतो. अपघात दुसऱ्या जिल्ह्यात झाला असला तरी वारस राहतात तिथेही करता येतो.

रक्कम ठरते ती वय, उत्पन्न आणि अवलंबून असलेल्या माणसांवरून. समजा भाऊ ३४ वर्षांचा, स्वतःचा धंदा, महिना २०,००० कमाई. पुढची वाढ म्हणून ४० टक्के धरतात, म्हणजे २८,०००. मागे बायको, दोन मुलं, आई असे चौघं असतील तर त्याचा स्वतःचा खर्च म्हणून एक चतुर्थांश वजा, उरले २१,०००. वर्षाचे २,५२,०००. या वयाला गुणक (वर्षाची रक्कम ज्याने गुणतात तो वयानुसार ठरलेला आकडा) १६, म्हणजे ४०,३२,०००. अंत्यविधी वगैरेची ठरावीक रक्कम वर.

खरी मारामारी उत्पन्नाच्या पुराव्यावर होते. आयकर विवरणपत्र, बँक पासबुक, दुकानाचा परवाना, जे सापडेल ते गोळा करा. नाहीतर न्यायाधिकरण अंदाजाने उत्पन्न धरतं, आणि तो अंदाज सहसा कंजूष असतो!

ट्रक पळून गेला आणि सापडलाच नाही, तर सरकारी योजनेतून २ लाख मिळतात. अर्ज प्रांत (उपविभागीय अधिकारी) किंवा तहसील कार्यालयात.

दुरुस्त मोटार वाहन कायद्यात दाव्याला अपघातापासून सहा महिन्यांची मुदत आहे, म्हणून दहावं-तेरावं उरकलं की लगेच एफआयआर, पंचनामा आणि शवविच्छेदन अहवालाच्या प्रती मागा. भरपाई देणाऱ्या, म्हणजे ट्रकच्या विमा कंपनीचा माणूस घरी येऊन ‘तडजोड करू’ म्हणाला तर वकिलाला दाखवल्याशिवाय सही नको.