खाकीतला तो माणूस कोण?

प्रश्न : जुन्या हिंदी सिनेमात इन्स्पेक्टर आला की बाबा लगेच म्हणतात, "हा इफ्तेखार." मला मात्र ही वेगवेगळी माणसं वाटतात. घरात पैज लागली आहे. निकाल द्या.
— एक वाचक, सातारा

उत्तर : पैज तुम्ही जिंकलात, पण बाबांना फार चिडवू नका. 'इत्तेफाक'मधले इन्स्पेक्टर कर्वे इफ्तेखारच, 'डॉन'मधले डीएसपी डिसिल्वाही तेच. पण ते खाकी उतरवायचेही. 'दीवार'मध्ये अमिताभला स्मगलिंगच्या धंद्यात आणणारा दावर त्यांनीच केला. सत्येन कप्पूंचंही तसंच. 'दीवार'मध्ये बाप, 'डॉन'मध्ये इन्स्पेक्टर.

तुम्हाला खटकणारा तिसरा माणूस बहुधा जगदीश राज. जन्म १९२८चा, सरगोध्याचा, म्हणजे आजच्या पाकिस्तानातला. १४४ चित्रपटांत पोलीस इन्स्पेक्टर झाल्याबद्दल गिनीज बुकात त्यांची नोंद झाली. जुलै २०१३मध्ये ते मुंबईत गेले.

हे काम वाटतं तितकं सोपं नाही हो. टेबलावर काळा फोन, मागे शहराचा नकाशा, रिसीव्हर उचलून एक वाक्य, की निघाली जीप. तेवढ्यात प्रेक्षकाला पटलं पाहिजे की कायदा हलला. नवखा नट तिथे उगाच अभिनय करायला जातो आणि सीन लांबतो. जगदीश राज तसं करत नसत. टोपीकडे लक्ष ठेवा : मयताची बातमी सांगायला आलेला इन्स्पेक्टर बहुतेकदा ती काढून काखेत धरतो, बेड्या घालायला आलेला डोक्यावरच ठेवतो. (खांद्याकडेही बघा. इन्स्पेक्टरला तीन तारे आणि लाल-निळी फीत असते. सिनेमातले ड्रेसवाले याबाबतीत भलतेच उदार!)

प्रश्न : पण जन्मभर तेच ते? हा अन्यायच नाही का?

उत्तर : अर्धा. असं काम दोन-चार दिवसांत उरकतं, म्हणून तर एवढे सिनेमे होतात. नायक बदलले, फॅशन बदलली, बेड्या घालणारा मात्र लागायचाच. चरित्र नटाला वर्षानुवर्षं काम मिळत राहणं ही लहान गोष्ट नव्हे. माझी तक्रार वेगळी आहे. लेखक या पात्राला बहुतेकदा नावसुद्धा देत नसत. सगळ्यांचं आपलं "इन्स्पेक्टर साहब"! श्रेयनामावलीतही अशी नावं दहा-बारांच्या गर्दीत एकाच पाटीवर, वाचून होईपर्यंत पाटी गेलेली. बाबांनी इफ्तेखारच्या नावावर सगळे पोलीस खपवले, ते त्यामुळेच.

आता पुढची पैज तुम्ही लावा. 'प्रेमगीत'ची नायिका अनिता राज कोणाची मुलगी? आणि 'कभी खुशी कभी गम'मधली छोटी पूजा, मालविका राज, कोणाची नात? दोन्हींचं उत्तर एकच : जगदीश राज.